गाठ तिनंच मारली

डॉफिनच्या उत्तरेला, मॅनिटोबा
१२ ऑक्टोबर १९०२

पारास्काताई,

देवाचा जयजयकार असो. हे पत्र तुझ्या हाती पडेल तेव्हा तू आणि तातो, दोघं बापलेक, चुलीजवळ उबेला असाल अशी आशा करतो. मी धडधाकट आहे. दोन दात सोडले तर सगळे अवयव जागच्या जागी आहेत. दात बैलानं पाडले, आणि बैल माझा नाही, शेजारच्या मिकिताचा आहे, त्यामुळे त्याला मारताही आलं नाही.

जमीन मिळाली, ताई. एकशे साठ एकर. आपल्या जमीनदाराची कुत्रीसुद्धा एवढ्या जागेत फिरत नसतील. हुरळून जाऊ नकोस, अर्ध्यात दलदल आहे आणि उरलेल्या अर्ध्यात पॉपलरची झाडं. एक झाड मुळासकट काढायला मला आणि मिकिताला सबंध दिवस लागतो. दिवसा डास खातात, रात्री थंडी. सध्या मी बुर्देईत राहतो, म्हणजे कंबरभर खड्डा, वर पॉपलरच्या काठ्या आणि काठ्यांवर गवतासकट कापलेल्या मातीच्या लाद्या. पाऊस पडला की बाहेर थांबतो आणि आत दोन दिवस पडत राहतो. पण माझ्याकडून कुणी बेगार मागत नाही, कुणाला बघून टोपी काढावी लागत नाही. मिकिता होरोबेत्स आणि त्याची म्हातारी आई ओरिना आजी अर्ध्या मैलावर आहेत. तेवढीच माणसं, बाकी सगळं आभाळ.

आता ज्यासाठी पत्र लिहायला बसलो ते लिहितो. तेक्लाला वाचता येत नाही, तेव्हा हे तूच तिला वाचून दाखव. शब्द न शब्द, पदरचा मीठमसाला न घालता. निघताना मी तिला म्हटलं होतं की आधी घर, मग मागणी. आता घराची लाकडं तोडतोय. ती येणार का, एवढंच मला हवं आहे. तोंडी निरोप नको, कारण तो तुझ्या तोंडून येणार, आणि तुझं तोंड मी लहानपणापासून ऐकतोय! इथे आपल्या परसात जे पेरायचं तिच्या मनात असेल त्याच्या बिया तिनं फडक्यात बांधाव्यात, गाठ स्वतःच्या हातानं मारावी आणि तू ते पाठवावंस. खसखस आली, बीट आलं, शेपू आला, की मी समजेन. मग तिकिटाचे पैसे रेल्वेच्या कामावर जाऊन मिळवीन.

आणि नसेल यायचं, तर मुलीनं मागणी घालणाऱ्याच्या हातात काय ठेवायचं ते आपल्याकडे शेंबड्या पोरालाही ठाऊक आहे. स्तेफानमामा एका पानगळीत तीन घरी गेला आणि तीन भोपळे काखेत मारून परत आला, आठवतं? सगळं गाव कुंपणावर लटकून हसत होतं, आणि आजी म्हणाली, "चला, हिवाळ्याच्या भाजीची सोय झाली."

तुझा,
हाव्रिलो


वेर्बिव्का, गालिसिया
३० डिसेंबर १९०२

हाव्रिल्या,

दात पडले ते बरं झालं. फुकट हसणारं तोंड जरा मिटलेलं राहील.

उबेला असाल म्हणतोस. आहोत ना. तातोला पानगळीत अर्धांगाचा झटका आला, तेव्हापासून चुलीशेजारच्या बाकावर उबेलाच पडून आहेत. उजवं अंग गेलं, वाचा गेली. एकच शब्द उरलाय, "फिरव." कूस बदलून द्या म्हणून सांगतात. दिवसा फिरव, रात्री फिरव. पाठीला जखमा झाल्यात आणि त्यांना वास येतो. मला ते धुताना उलटी होते, खोटं कशाला सांगू. तेक्ला धुते. रोज सकाळी येते, बाह्या सारते, गाणं म्हणत धुते आणि तातो तिच्याकडे बघत राहतात. ती नसती तर मी त्यांच्याआधी गेले असते.

तुझं पत्र तिला वाचून दाखवलं. शब्द न शब्द. माझ्या तोंडाबद्दल लिहिलंस तेही वाचलं. ती बीटासारखी लाल झाली आणि तातोच्या बाकाखाली झाडू मारायला लागली, जिथे तिनं आत्ताच झाडलं होतं.

स्तेफानमामाचे भोपळे तुझ्या बरे लक्षात राहिले. माझा नाही राहिला. आई गेली तेव्हा तू चार वर्षांचा होतास. दानिलो मागणी घालायला आला होता, बरोबर दोन वडीलधारे, काखेत पाव, नवा चामडी कोट. मला हवा होता रे तो. मी कोठीत गेले, भोपळा उचलला आणि त्याच्या हातात ठेवला. तू माझा परकर धरून उभा होतास, तुझं नाक गळत होतं. दानिलो तीन गावं सोडून राहतो, त्याला सात पोरं आहेत. जत्रेत दिसला तर मान फिरवतो. हे रडगाणं नाही. तुला एकशे साठ एकर मिळाले तशी मलाही एक गोष्ट मिळाली होती, ती मी कुणासाठी दिली तेवढं माहीत असू दे.

तेक्लानं पुरचुंडी बांधली. दोन दिवस बिया निवडत बसली होती, एक फुटकी घेतली नाही. गाठ तिनंच मारली, माझ्यासमोर, दातांनी ओढून. पाकीट मी शिवते आहे. आत आहे ते आपल्याच घरचं आहे, बाजारातलं नाही.

पारास्का


डॉफिनच्या उत्तरेला
२२ फेब्रुवारी १९०३

ताई,

पाकीट मिळालं. पोस्टातच उघडावंसं वाटलं होतं, पण मन आवरलं. म्हटलं, आपल्या माणसांसमोर उघडू. बर्फातून ते छातीशी धरून आणलं आणि मिकिताकडे ओरिना आजीच्या टेबलावर ठेवलं. आजीनं हात पुसले, चष्मा नसताना डोळे बारीक करून जवळ बसली. "बघू तुझ्या नवरीची नजर कशी आहे," म्हणाली.

भोपळ्याच्या बिया. सात. पांढऱ्याशुभ्र, टपोऱ्या, निवडून घेतलेल्या. दुसरं काही नाही. मी फडकं उलटं करून झटकलंसुद्धा.

मिकिता आधी हसला, मग माझं तोंड बघून बैलांना चारा घालायला निघून गेला. आजी म्हणाली, "अरे, पेरायलाच पाठवल्या असतील पोरीनं," आणि माझ्याकडे न बघता फडक्याची घडी घालायला लागली. ती आपल्याच मुलखातली. जिनं भोपळ्याचं बी मुलाला पाठवलं तिला काय म्हणायचंय हे तिला कुणी शिकवायला नको.

माझ्या भ्रमाचा भोपळा फुटला, आणि त्याच्या बियाही मलाच पोचत्या झाल्या. समुद्रापलीकडून. स्तेफानमामाला निदान चालत जाता येईल एवढ्या अंतरावरून मिळाले होते.

एकच विचारतो. गाठ तिचीच ना? तू म्हणालीस की तुझ्यासमोर मारली. मला तेवढंच पुन्हा लिही. आणि हे पत्र तिला वाचून दाखवू नकोस. तिला मला हसायचंच असेल तर हसू दे, पण माझं रडणं ऐकून नको.

हाव्रिलो


वेर्बिव्का
४ मे १९०३

हाव्रिल्या,

विचारलंस तेवढ्याचं उत्तर देते. गाठ तिचीच. चर्चमध्ये नेऊन मूर्तीसमोर विचारलंस तरी हेच सांगेन.

तू सांगितलंस तसं पत्र तिला वाचलं नाही. पत्र आलं एवढं तिला कळलं, गावात काय लपतं? विचारत होती, काय लिहिलंय. मी म्हटलं, बिया पोचल्या. ते खरंच आहे. तेव्हापासून रोज विचारते, "ताई, उगवल्या का गं बिया?" तातोची पाठ धुता धुता विचारते, हसत हसत. काल तर तातोंनाच विचारलं, "काय हो तातो, उगवल्या असतील का?" आणि तातो म्हणाले, "फिरव." दोघं किती हसले! मी काय बोलू? तू सांगशील ते सांगते.

माझं ऐकशील तर डोक्यातून काढून टाक. नकटीच्या लग्नाला सतराशे विघ्नं म्हणतात, आणि तुझी तर नवरी नकटी की सरळ हेही समुद्रापलीकडून बघायचं. तिकडे पोरी नाहीत का? एखादी जाड मनगटाची कर, जिला झाडं उपटता येतील. ही इथे आहे तोवर तातोची पाठ तरी स्वच्छ राहते.

गाय व्यायली. पाडा झाला.

पारास्का


डॉफिनच्या उत्तरेला
९ सप्टेंबर १९०३

ताई,

हसत विचारते म्हणालीस ना, उगवल्या का? पत्र आल्यापासून मी तेच वाक्य रोज ऐकत होतो, झाड तोडताना, नांगर धरताना, झोपताना. शेवटी म्हटलं, बघूच. सातही बिया पेरल्या.

मिकिता म्हणाला, "वेडा आहेस. इथे भोपळा पिकायच्या आधी दंव पडतं. बटाटे लाव, पोटाला तरी होतील." दोन उंदरांनी नेल्या, एक कुजली. चार वेल वर आले. ऑगस्ट सरताना पहिलं दंव पडलं तेव्हा माझा मेंढीच्या कातड्याचा कोट वेलांवर घातला आणि मी स्वतः पोत्यात शिरून त्यांच्याशेजारी पडलो. एवढी काळजी मी गव्हाची घेतली नाही. गव्हाला दंव लागलं, ताई. अर्धा काळा पडला. भोपळा एक वाचला. लहान मुलाच्या डोक्याएवढा आहे, एका बाजूनं हिरवाच, पण भोपळा आहे. तळघरात पेंढ्यात ठेवलाय.

घरही झालं. दोन खोल्या, आतून बाहेरून चुना. लाकडं तोडून पडली होती, कुजायला कशी टाकायची?

तिला सांग, उगवलं. एकच उगवलं, पण तुझ्यासाठी राखून ठेवलंय. असंच सांग, शब्द न शब्द, आणि सांगताना तिच्या तोंडाकडे बघ. बाकीचं पत्र वाचू नकोस.

हाव्रिलो


वेर्बिव्का
१४ ऑक्टोबर १९०३

हाव्रिल्या, मेल्या, हे काय लिहून बसलास!

तुझंच वाक्य सांगितलं मी. उगवलं, एकच उगवलं, पण तुझ्यासाठी राखून ठेवलंय. तिच्या हातात तातोचा वाडगा होता. तो तिनं खाली ठेवला, माझ्या गळ्यात पडली आणि म्हणाली, "बोलावलं गं ताई, बोलावलं त्यानं!" मी म्हटलं, कुठं बोलावलंय? ती ऐकेल तर ना. दुसऱ्या दिवशी तिच्या आईची पोवळ्यांची माळ घेऊन बाजारात गेली आणि येताना गळा मोकळा. तीन पिढ्यांची माळ, रे! काल सेम्को बोहुनचं खटलं कॅनडाला निघालं, त्यांच्या गाडीत चढून ती गेलीसुद्धा. तातोच्या पायाशी बसून रडली, पण गेली.

आता मी काय करू? काल रात्रीपासून तातो दाराकडे बघून "फिरव, फिरव" करताहेत, आणि मी फिरवलं तर चावायला येतात. मला नाही, तिला शोधताहेत. मी त्यांची मुलगी आहे!

तिला एवढा पुळका कशाचा आला ते तूच ताड. गेल्या वर्षी तुझ्याकडे खड्डा होता, आता चुना लावलेलं घर आहे. बोहुनच्या तिकडच्या भावानं पत्रात लिहून ते सगळ्या गावाला सांगितलंय. मी काही म्हणत नाही. दारात आली तर तू जाण आणि ती जाणे. प्रवासात माणसं काय काय गोष्टी रचतात, त्या सगळ्या कानात घेऊ नकोस.

पारास्का


डॉफिनच्या उत्तरेला
१६ नोव्हेंबर १९०३

ताई,

घराचं ऐकून येते आहे. मलाही तेच वाटलं.

येऊ दे. भोपळा तळघरात शाबूत आहे, कालच बघून आलो. आपल्याकडे मुलगा मुलीला भोपळा देत नाही हे ठाऊक आहे मला, पण इथे देश नवा आहे.

हाव्रिलो


वेर्बिव्का
२५ जानेवारी १९०४

हाव्रिल्या, बाळा,

तातो गेले. नाताळ झाला आणि तिसऱ्या दिवशी गेले. शेवटी तो एक शब्दही म्हणत नव्हते. पुरलं नीट, मेणबत्त्या कमी पडू दिल्या नाहीत. आता घरात मी आणि गाय. संध्याकाळी भांडं खाली ठेवलं की त्याचा आवाज घरभर फिरतो. इतकी वर्षं वाटायचं, एकदा सुटले की पाय पसरून झोपेन. पाय पसरते, झोप येत नाही.

तुझी नोव्हेंबरची चिठ्ठी मिळाली. वाचून जरा घाबरले, मग हसले. तू लहानपणीही असाच, आधी दार आपटायचं आणि मग फटीतून बघायचं. ती दारात उभी राहिली असेल आणि तुझा भोपळा तळघरातच राहिला असेल, पैजेवर सांगते. आतापर्यंत दोघांनी एकमेकांना विचारून, सगळं उलगडून, माझ्या नावानं चार शिव्या हासडून झाल्या असतील. हासडा. मीही हसेन तुमच्याबरोबर. पण एक अक्षर खोटं लिहिलेलं नाही हो मी, पत्रं काढून बघ. गाठ तिचीच होती. मी सोडली आणि तिच्याच घडीवर पुन्हा बसवली, एवढंच. बापाच्या पाठीत किडे पडायला आले होते, हाव्रिल्या. मी दुसरं काय करणार होते? एक हिवाळा तरी तिला थांबवायचं होतं, तू रागावशील आणि वर्षभरानं पुन्हा विचारशील म्हणून. भोपळा मिळाला म्हणून कुणी मरत नाही. दानिलो कुठे मेला?

आणि तिच्या बिया मी वाया घालवल्या नाहीत. बीट आणि शेपू आपल्याच परसात लावला. खसखस त्याच नाताळच्या खिरीत घातली. तेक्लाही होती जेवायला. दोनदा वाढून घेतलं आणि म्हणाली, "ताई, खसखस कुठली गं? किती गोड आहे!"

आता मला बोलव. ईस्टर झाला की गाय विकून निघेन. तुझ्या बायकोला घरात मोठं माणूस लागेलच, आज ना उद्या पाळणा हलेल. तुझं नाक मी पुसलं तसं तुझ्या पोरांचंही पुसेन. लांबलचक लिहीत बसू नकोस. ये म्हण, नाहीतर नको म्हण, तेवढं पुरे.

तुझी,
पारास्काताई


डॉफिनच्या उत्तरेला
६ मार्च १९०४

पारास्का,

लांबलचक लिहू नकोस म्हणालीस, पण एवढं तुला वाचावं लागेल.

ती नोव्हेंबरच्या शेवटी आली. बोहुनच्या गाडीनं तिला फाट्यावर उतरवलं, तिथून माझ्या घराचा दिवा दिसतो. बर्फ पडायला लागलं होतं. मी दार उघडलं. वाऱ्यानं तिचे ओठ फुटले होते, पाठीवर बोचकं, हातात मोजे नाहीत. ते तिनं गाडीतल्या बोहुनच्या धाकटीला घातले होते, हे मला मागाहून कळलं. ती हसली. तिचं पहिलं वाक्य होतं, "खसखस उगवली का रे? आणि बीट?"

मला वाटलं, चिडवते आहे. दोन आठवडे मी तिला सुनवायची वाक्यं पाठ करत होतो, त्यांतलं एकही आठवलं नाही. तळघरात उतरलो, भोपळा आणला आणि तिच्या हातात ठेवला.

ती म्हणाली, "हे काय?"

मी म्हटलं, "तुझंच आहे. एकच उगवलं."

आणि दार लावलं. ती बराच वेळ पायरीवर होती. तिच्या पायाखालचं बर्फ करकरताना ऐकू येत होतं. ती ठोठावेल असं वाटलं. ठोठावलं नाही. खिडकीत मी दिसू नये म्हणून मी दिवा विझवला. मिकिताचा दिवा तिला दिसेल असं मी मनाला सांगितलं, पण बर्फात पलीकडचं कुंपणसुद्धा दिसत नव्हतं. मग मी झोपलो. हे तुला लिहायलाच हवं, कारण तिच्याखेरीज दुसऱ्या कुणाला सांगायची हिंमत नाही. मला त्या रात्री छान झोप लागली.

सकाळी ती मिकिताला त्याच्या गवताच्या गंजीत सापडली. जिवंत होती. भोपळा छातीशी धरलेला आणि दोन्ही उघडे हात त्याच्याभोवती. ओरिना आजी बोटं सोडवायला गेली तर सुटेनात. आजीनं नंतर विचारलं, "अगं पोरी, फेकायचा होतास ना तो!" तर म्हणाली, "खायची वस्तू फेकायची कशी, आजी?"

उजव्या हाताची चार बोटं गेली आणि डाव्याची दोन. मिकितानं कापली. डॉफिनहून डॉक्टर येईपर्यंत थांबलो असतो तर हात गेले असते. मी तिचे खांदे धरायला पुढे झालो, तर आजीनं मला ढकलून बाहेर काढलं. मी बाहेर उभा राहून ऐकलं. तापात ती एकच यादी म्हणत होती, खसखस, बीट, शेपू, घेवडा, आणि पुन्हा खसखस. आजी बाहेर आली आणि म्हणाली, "हाव्रिलो, हिनं भोपळ्याचं नावसुद्धा घेतलं नाही रे." तेव्हा मला कळलं. तुझं पत्र फार उशिरा आलं, पारास्का. त्यात मला नवीन एवढंच होतं, की खसखस तिलाच खायला घातलीस.

माझ्या वाट्याचं मी तुझ्यावर ढकलत नाही. बिया तू बदलल्यास. दिवा मी विझवला.

फेब्रुवारीत मी रीतीनं गेलो. मिकिताला आणि फाट्यावरच्या म्हाताऱ्या लेस्कोला बरोबर घेतलं, काखेत पाव, धुतलेला सदरा. ती बाकावर बसली होती, हात फडक्यांत गुंडाळलेले. मी तिला सगळं सांगितलं, तुझं आणि माझं, काही न लपवता. मग मागणी घातली. म्हटलं, घर तुझंच आहे, तुझ्यासाठीच बांधलं, तुझे हात मी होईन. तिनं पूर्ण ऐकून घेतलं. रागानं बघितलंही नाही. उठली आणि थंड पडवीत गेली. भोपळा तिथेच पडून होता, गोठून दगड झालेला. दोन्ही मनगटांमध्ये धरून तिनं तो आत आणला. दारात एकदा निसटला, मिकिता उचलायला धावला तर त्याला थांबवलं आणि स्वतःच गुडघ्यावर बसून पुन्हा उचलला. आणून माझ्या हातात ठेवला.

म्हणाली, "हा मी देतेय, हाव्रिलो. नीट बघून घे. या वेळी मध्ये कुणी नाही."

कुणी हसलं नाही. लेस्को म्हाताऱ्यानं टोपी घातली आणि पाव उचलला. इथे लटकून बघायला कुंपणावर कुणी नसतं. तो अर्धा मैल मी भोपळा घेऊन चालत आलो, आणि माझी बोटं बधिर झाली तेव्हा ती काय धरून बसली होती ते मला समजलं.

ती ओरिना आजीकडेच राहते. आता दाताशिवाय तिला काही बांधता येत नाही. म्हातारीचे पाय दुखतात, ते ती मनगटांनी चोळते आणि गाणं म्हणते. वारा तिकडून असला की मला ऐकू येतं.

चुलीपाशी ठेवल्यावर भोपळा रात्रभर गळत राहिला. सकाळी तो कापला, बिया काढल्या आणि वाळवल्या. कोवळ्याच होत्या, दंव लागलेल्या, त्यांतल्या त्यात बऱ्या सात निवडल्या.

ये म्हण, नाहीतर नको म्हण, असं तू लिहिलंस. माझं उत्तर पाकिटातल्या पुरचुंडीत आहे. तुला वाचून दाखवायला कुणाची गरज नाही. गाठ मीच मारली आहे.

हाव्रिलो